९९ रुपींचं पाकीट आणि १०० रुपींची बी : खेळतं भांडवल समजून घेऊया



गेल्या व्हिडिओत खेळत्या भांडवलाबद्दल बोलताना मी मध्येच एका व्हिडिओ गेमचं नाव घेतलं आणि वेळ संपला. अर्धवट सांगितलेली गोष्ट मलाच खटकत होती, म्हणून आज ती पूर्ण लिहून काढतो. गेम खेळत नसाल तरी वाचा. गणित पहिली-दुसरीचं आहे, पण ते न कळल्यामुळे माझ्या घरातल्या पाटल्या सराफाकडे गेल्या होत्या.

निन्टेंडो या जपानी कंपनीची 'झेल्डा' नावाची गेमची मालिका आहे. १९८६ पासून चालू आहे. लिंक नावाचा मुलगा रानावनात फिरतो, राक्षसांशी लढतो, गवत कापतो, मडकी फोडतो आणि त्यातून रंगीत खडे गोळा करतो. हे खडे म्हणजे त्या जगातलं चलन. नाव 'रुपी'. आपल्या रुपयासारखंच ऐकू येतं, त्यामुळे आपल्याला हिशोब लगेच जवळचा वाटतो. हिरवा खडा १ रुपीचा, निळा ५ चा, लाल २० चा.

या मालिकेतला 'ऑकरिना ऑफ टाइम' हा १९९८ चा गेम घ्या. सुरुवातीला लिंकच्या पाकिटात फक्त ९९ रुपी मावतात. नदीकाठी एक माणूस जादूच्या बिया विकत बसलेला असतो. पहिली बी १० रुपींना, दुसरी २० ला, तिसरी ३० ला. गिऱ्हाईक परत येतंय म्हटल्यावर भाव चढवणारा पक्का व्यापारी! असं करत दहावी बी १०० रुपींना. आणि तुमच्या पाकिटात मावतात ९९.

एक रुपी कमी. बाहेर गवतात हवे तेवढे खडे पडलेत, दोन मिनिटांत शंभर गोळा होतील. पण शंभरावा खडा उचलला की तो मोजलाच जात नाही. आकडा ९९ वरच थांबतो. उचललेला खडा गेला वाया.

इथे थांबा आणि स्वतःच्या धंद्याकडे बघा. "सर, कमाई वाढली पाहिजे" असं मला रोज कुणीतरी म्हणतं. मी विचारतो, वर्षाची विक्री किती? उत्तर येतं चार लाख, सहा लाख. मग ऐंशी हजारांचं मशीन का घेता आलं नाही? कारण ऐंशी हजार एकाच वेळी, एकाच ठिकाणी कधी साठलेच नाहीत. कमाई पाकिटापेक्षा मोठी होती, म्हणून वरचे खडे गवतात परत गेले. कुठे गेले? घराच्या रंगात, भाच्याच्या लग्नात, नव्या मोबाइलच्या हप्त्यात. खर्च वाईट नव्हते. पण धंद्याच्या पाकिटात जागा नसली की पैसा जागा शोधतो, आणि घरात जागा नेहमीच असते.

माझी मिरची

मी आणि बायको उन्हाळी मसाल्याचं काम करायचो. मार्च ते मे हंगाम. साधारण ६०० किलो लाल मिरची लागायची आणि विक्री साडेचार लाखांच्या आसपास. फेब्रुवारीत नवी मिरची बाजारात येते तेव्हा तीच एकरकमी घ्यावी, हे मलाही कळत होतं. पण फेब्रुवारीत हातात कधी वीस हजार, कधी पंधरा. म्हणून दर आठवड्याला लागेल तेवढी उचलायची.

एका वर्षी मी फेब्रुवारीतच गिऱ्हाइकांकडून ठरलेल्या भावाने ऑर्डरी घेऊन ठेवल्या. मिरची तेव्हा १८० रुपये किलो. दीडशे किलो त्या भावात मिळाली. मग अवकाळी पाऊस झाला आणि भाव २६० वर गेला. उरलेली ४५० किलो त्याच भावाने घ्यावी लागली. किलोमागे ८० रुपये, म्हणजे ३६,००० रुपये अंगावर. शब्द दिला होता, माल द्यावाच लागला. त्या मे महिन्यात पाटल्या गहाण पडल्या. बायको काही बोलली नाही, आणि ते जास्त लागलं.

माझं उत्पन्न कमी नव्हतं. आदल्याच वर्षी साडेचार लाख याच हातांतून गेले होते. पाकीट लहान होतं.

पाकीट दुकानात मिळत नाही

'ऑकरिना'मध्ये मला सगळ्यात आवडतो तो भाग हा. मोठं पाकीट त्या गेममध्ये कुठल्याच दुकानात विकत मिळत नाही. काकारिको नावाच्या गावात एक श्रीमंत कुटुंब राहतं. हावरटपणामुळे शाप लागून सगळे कोळी झालेले असतात. गेमभर सोनेरी कोळी लपलेले असतात, एकूण १००. कुणी भिंतीवर, कुणी झाडात, काही तर फक्त रात्रीच दिसतात. ते मारायचे आणि त्यांची खूण गोळा करायची. १० खुणा झाल्या की शापातून सुटलेला एक जण २०० रुपींचं पाकीट देतो. ३० झाल्या की ५०० रुपींचं.

कोळी मारून हातात लगेच काही पैसा पडत नाही. कंटाळवाणं काम आहे. आपल्याकडचे कोळी कोणते? रोजचा गल्ला वहीत लिहिणं. खरेदीची बिलं फाइलला लावणं. उद्यम नोंदणी करणं (सरकारी पोर्टलवर ती फुकट होते, कुणाला पैसे देऊ नका). धंद्याचं खातं घरखर्चापासून वेगळं ठेवणं. यातल्या एकाही कामाने आजची विक्री दहा रुपयांनीही वाढत नाही, म्हणून आपण ते उद्यावर ढकलतो.

आता पुढची गंमत. २०० चं पाकीट मिळालं. आगीच्या डोंगरात उष्णता सोसणारा लाल अंगरखा दुकानात २०० ला मिळतो. घेता येतो! पण घेतल्यावर पाकिटात शून्य. म्हणजे पाकिटाचं माप आणि वस्तूची किंमत सारखी असेल तर वस्तू येते आणि तुम्ही तिथेच कंगाल होता. मशीन आणलं, पण कच्च्या मालाला पैसे नाहीत, ही अवस्था किती जणांनी पाहिली आहे? पाण्याखाली श्वास घेऊ देणारा निळा अंगरखा ३०० चा. त्याला २०० चं पाकीट चालतच नाही, मग तुम्ही दिवसाला हजार कमवा.

अर्थात दोन्ही अंगरखे फुकट मिळवायचा मार्गही गेममध्ये आहे. निळ्यासाठी बर्फात अडकलेल्या राजाला सोडवायचं, तो खूश होऊन देतो. धंद्यात याला पत म्हणतात. व्यापारी उधारीवर माल देतो कारण तुम्ही कधीतरी त्याच्या अडचणीत उभे राहिलात. ते नातं जपा, पण हंगामाचा सगळा हिशोब त्यावर टाकू नका. मी टाकला होता, भाव चढल्यावर त्या व्यापाऱ्याने रोख मागितली. त्याची चूक नव्हती, त्यालाही पुढे रोखच द्यायची होती.

चंद्र पडतो तेव्हा

२००० साली याच मालिकेत 'मेजोराज मास्क' आला. त्यात आकाशातून चंद्र गावावर कोसळणार असतो आणि तुमच्याकडे तीन दिवस. लिंक एक सूर वाजवून काळ मागे नेतो आणि परत पहिल्या दिवशी येतो. पण तसं करताना खिशातले सगळे रुपी जातात. बाण, बॉम्ब, सगळं जातं. राहतं फक्त गावच्या बँकेत ठेवलेलं. बँकवाला तुमच्या अंगावर न दिसणारा शिक्का मारतो, त्यावरून काळ मागे गेला तरी तो तुम्हाला ओळखतो.

आणि पाकीट? बँकेत एकूण २०० रुपी जमा झाले की बँकवाला स्वतःहून २०० चं पाकीट देतो. तुमच्या खिशात तर ९९ च मावतात. म्हणजे तीन खेपा कराव्याच लागतात. मोठी रक्कम एकदम आणून टाकली असं होऊच शकत नाही.

माझं पाकीट असंच वाढलं. पाटल्यांच्या प्रकरणानंतर दुसऱ्या एका बँकेत साधं खातं उघडलं. एटीएम कार्ड घेतलं नाही, यूपीआय जोडलं नाही, क्यूआर कोड लावला नाही. बायकोने पासबुकावर पेनाने लिहिलं, 'मिरची'. मिरची, धणे, वाहतूक धरून दीड लाख लागणार होते. हंगामाचे तेरा आठवडे. आठवड्याला साडेअकरा हजार टाकले तर १,४९,५०० होतात. गणित सुंदर होतं. प्रत्यक्षात पहिल्या वर्षी ६२,००० च साठले, कारण घरात सवय लागायला वेळ लागतो आणि पाटल्याही सोडवायच्या होत्या. पण त्या ६२,००० मध्ये फेब्रुवारीच्या भावाने निम्म्याहून जास्त मिरची घरात आली. तिसऱ्या वर्षी पूर्ण आली.

आठवड्याला बँकेत जाणं जमत नसेल तर पिग्मी चालेल, एजंट दुकानात येऊन रोजचे शंभर-दोनशे नेतो. एकच लक्षात ठेवा. बँकेतल्या ठेवीला ५ लाखांपर्यंत विम्याचं संरक्षण असतं, पतसंस्थेतल्या ठेवीला ते नसतं. पतसंस्था माहितीची असली तरी रक्कम वाढली की बँकेत हलवा.

कुणी म्हणेल, एवढा खटाटोप कशाला, मुद्रा कर्ज आहे ना? आहे. तिथेही गेमसारख्याच पायऱ्या आहेत : शिशु ५०,००० पर्यंत, किशोर ५ लाखांपर्यंत, तरुण १० लाखांपर्यंत. त्यावर २० लाखांची पायरी आहे, पण ती तरुण कर्ज घेऊन नीट फेडलेल्यांसाठीच. बँकवाला तुमच्या अंगावरचा शिक्का बघतो, म्हणजे खात्यातली उलाढाल बघतो. पण माझं मत स्पष्ट आहे. ज्याच्या स्वतःच्या खात्यात पंधरा हजार महिनाभर टिकत नाहीत, त्याच्या हातात पाच लाखही टिकणार नाहीत. आधी खेपा करा.

पुढच्या व्हिडिओआधी एवढं करा

बँकेचं मागच्या बारा महिन्यांचं स्टेटमेंट काढा. सलग ३० दिवस शिल्लक ज्या आकड्याच्या खाली गेली नाही, असा वर्षातला सगळ्यात मोठा आकडा शोधा. ते तुमच्या पाकिटाचं खरं माप. माझं त्या वाईट वर्षी निघालं होतं १४,०००, साडेचार लाखांच्या विक्रीवर! त्याखाली पुढच्या हंगामाला एकरकमी लागणारी रक्कम लिहा. त्यात मशीनची किंमत असेल तर एका महिन्याच्या कच्च्या मालाचे पैसेही मिळवा, नाहीतर लाल अंगरख्यासारखं होईल. गिऱ्हाइकांनी दिलेला ॲडव्हान्स पाकिटाच्या मापात धरू नका, माल पोचेपर्यंत तो त्यांचाच आहे.

दोन आकड्यांमधला फरक तुमच्या कमाईच्या आठवड्यांनी भागा. येणारी रक्कम आठवड्याच्या विक्रीच्या एक तृतीयांशाहून जास्त आली, तर हंगाम एक नाही, दोन धरा. पुढच्या व्हिडिओत आपण तिथूनच सुरू करू, वही जवळ ठेवा.