वाळवंटातील मठ आणि काळाचा हिशेब

वाळवंटाच्या अंतर्भागात एक गुप्त मठ आहे आणि तेथील साधू कालाचे गूढ उकलीत बसले आहेत, अशी कल्पना अद्भुत कथांतून वारंवार आढळते. त्या कथा आम्हीही आवडीने वाचल्या आहेत. परंतु इतिहासात डोकावले असता, या कल्पनेच्या जवळपास पोचणारे मठ खरोखरच होऊन गेले असे दिसते. घड्याळ नसलेल्या माणसाने वेळ ओळखावी कशी आणि ओळखल्यावर ती सोसावी कशी, हा त्यांच्यापुढील प्रश्न होता.

इजिप्तमध्ये कैरोच्या वायव्येस वादी नत्रून नावाचा खाऱ्या सरोवरांचा सखल प्रदेश आहे. प्राचीन काळी त्यास स्केतिस म्हणत. इ. स. ३३० च्या सुमारास मकारियस नावाचा ख्रिस्ती तपस्वी तेथे राहू लागला आणि हळूहळू त्याच्याभोवती साधूंची मोठी वस्ती झाली. आजही तेथे चार मठ नांदते आहेत.

या साधूंच्या दिवसाचे सूर्योदयापासून सूर्यास्तापर्यंत बारा तास मानीत. मात्र हा तास आपल्या घड्याळातील तास नव्हे. तेथे उन्हाळ्यात दिवस सुमारे चौदा तासांचा, तर हिवाळ्यात दहा तासांचा असतो. त्याचेच बारा भाग करावयाचे म्हटल्यावर एकेक भाग उन्हाळ्यात सत्तर मिनिटांचा आणि हिवाळ्यात जेमतेम पन्नास मिनिटांचा होई! आपल्याकडील घटिका मात्र बारमाही चोवीस मिनिटांचीच.

दिवसा सूर्य होता. रात्रीच्या प्रार्थनेचे काय? चौथ्या शतकाच्या अखेरीस योहान कासियन हा प्रवासी साधू या मठांत राहून गेला. तो लिहितो की, इतरांना उठविण्याचे काम ज्याच्याकडे असे, त्याने आपल्या जाग येण्याच्या सवयीवर विसंबू नये, ताऱ्यांची गती पाहावी. हे काम दिसते तितके सोपे नाही. कोणताही तारा रोज सुमारे चार मिनिटे आधी उगवतो. महिन्याभरात दोन तासांचा फरक पडतो. म्हणजे एकच तारा धरून बसणारा पहारेकरी महिन्याअखेर सर्वांना दोन तास आधी उठवून बसेल! वाचकांनी शेजारच्या कौलावर उगवणारा एखादा ठळक तारा हेरून महिनाभर ही गोष्ट अवश्य पडताळून पाहावी.

आर्सेनियस या वृद्ध साधूने तर स्वतःच्या देहाचेच घड्याळ केले होते. शनिवारी सायंकाळी तो मावळत्या सूर्याकडे पाठ करून हात पसरून प्रार्थनेस उभा राही आणि दुसऱ्या दिवशीचे ऊन तोंडावर पडेपर्यंत खाली बसत नसे.

पण वेळ मोजता आली म्हणून ती सरतेच असे नाही. इव्हाग्रियस (मृत्यू इ. स. ३९९) हा विद्वान साधू याच वाळवंटात राहत असे. त्याने कंटाळ्याचे जे वर्णन केले आहे, ते वर्गातल्या शेवटच्या तासाची आठवण करून देणारे आहे. सकाळी दहाच्या सुमारास हा कंटाळा साधूला गाठतो. सूर्य जागचा हललाच नाही असे वाटते. दिवस पन्नास तासांचा भासतो. तो पुनःपुन्हा खिडकीबाहेर पाहतो आणि भोजनाची वेळ, म्हणजे दुपारचे तीन, किती दूर आहे याचा अंदाज घेतो. या विकारास इव्हाग्रियस ‘माध्यान्हीचा राक्षस’ म्हणे. कासियनने पॉल नावाच्या साधूची हकीकत दिली आहे. त्याची झोपडी बाजारापासून सात दिवसांच्या वाटेवर असल्याने कष्टाचा माल विकणे परवडत नसे. तरीही तो ताडाच्या पानांचे आपले काम रोज नेमाने करी आणि वर्षाअखेर सारे जाळून पुन्हा आरंभ करी. हा वेडेपणा आहे असे प्रथम आम्हासही वाटले. मग वाटले, त्याला माल नकोच होता, दिवस हवा होता.

दिवसांच्या पलीकडचा हिशेबही याच देशात झाला. पाचव्या शतकाच्या आरंभी अलेक्झांड्रियाच्या आनियानस नावाच्या साधूने ५३२ वर्षांचे चक्र मांडले. त्याची फोड १९ गुणिले २८ अशी आहे. एकोणीस सौर वर्षांत २३५ चांद्रमास जवळजवळ बरोबर बसतात. चूक अवघी दोन तासांची. एकोणीस वर्षांचे साधे महिने २२८. उरलेले सात म्हणजे आपले अधिकमास. म्हणूनच एकोणिसाव्या वाढदिवसाला तिथी आणि इंग्रजी तारीख बहुधा पुन्हा जुळून येतात. घरी जुने पंचांग असेल तर पाहावे. आता अठ्ठावीस कशासाठी? वार सात आणि प्लुत वर्ष चौथे, म्हणून अठ्ठावीस वर्षांनी तारखा व वार पूर्वीप्रमाणे येतात. दोन्हींचा गुणाकार झाल्यावर ईस्टरच्या तारखा तशाच क्रमाने फिरून येऊ लागतात.

याच गणिताच्या बळावर त्याने जगाचा आरंभ ख्रिस्तापूर्वी सुमारे ५५०० वर्षे ठरविला. आज पृथ्वीचे वय सुमारे ४५४ कोटी वर्षे मानले जाते. तेव्हा आरंभबिंदू साफ चुकला, पण चक्र अचूक निघाले. ख्रिस्तजन्माचे त्याने धरलेले वर्ष इथिओपियात अजून चालते आणि ते आपल्या सनाहून सात-आठ वर्षे मागे असते. त्यामुळे त्या देशाने इ. स. २००० चा उत्सव साजरा केला, तो १२ सप्टेंबर २००७ रोजी.