कुडा, कातकरी आणि बंदर

शास्त्र ग्रंथात असले तरी द्रव्याची ओळख रानातच होते. शेळ्या-मेंढ्या राखणारे, गुराखी आणि वनवासी हे औषधींना नावारूपाने जाणतात, असे चरकाचार्यांनी सूत्रस्थानाच्या पहिल्याच अध्यायात मान्य केले आहे. योजना जाणणे हे मात्र वैद्याचे काम, हेही तेथेच सांगितले आहे.

न्हावा-शेवा परिसरात हे वनवासी म्हणजे कातकरी. खैरापासून कात काढण्यावरून नाव पडलेली ही जमात महाराष्ट्रातील तीन आदिम जमातींपैकी एक होय. २६ मे १९८९ रोजी येथील बंदर सुरू झाले. त्यापूर्वी जमिनीसाठी आगरी-कोळी भूमिपुत्रांनी १९८४ मध्ये जासई येथे दिलेला लढा सर्वज्ञात आहे. कातकऱ्यांपैकी बहुतेकांच्या नावे सातबाराच नव्हता. त्यांचे काय गेले, हे मोजायचे तरी कशावरून?

काय जात आहे, हे कुटजाच्या उदाहरणाने पाहू. बाजारात पांढऱ्या कुड्याऐवजी काळ्या कुड्याची साल येते, हा आपणा सर्वांचा अनुभव. पांढऱ्याची साल अत्यंत कडू असते आणि शेंगांची जोडी सुटी असते. काळ्याच्या शेंगा टोकाशी जुळलेल्या असतात, त्याचे इंद्रजवही तसे कडू नसतात. वाडीवरील जाणती म्हातारी हे झाड पाहूनच सांगते. परंतु दिवाळीनंतर ही कुटुंबे वीटभट्ट्यांवर जातात, ती पावसाळ्याच्या तोंडावर परततात. शेंगा पिकतात नेमक्या त्याच काळात. मग मुलांना ती ओळख व्हावी केव्हा?

त्वचा शरदात घ्यावी हा कल्पस्थानातील संकेत येथे उपयोगी आहे. तेव्हा माणसे वाडीवरच असतात. औषधनिर्मात्यांनी ठोक व्यापाऱ्याकडे न जाता तेव्हाच वाडीवर मागणी नोंदवावी, काही रक्कम आगाऊ द्यावी आणि झाड न सोलता फांद्यांचीच साल घ्यावी. २००६ च्या वनहक्क कायद्याने गौण वनोपजावर त्यांचा हक्क मान्य केला आहे. ठाणे जिल्ह्यात शहापूरच्या कातकरी तरुणांनी गुळवेल थेट मोठ्या औषध कंपन्यांपर्यंत पोहोचविली, हे ताजे उदाहरण आहे.

जैवविविधता कायद्यातील २०२३ च्या दुरुस्तीने नोंदणीकृत वैद्यांना लाभांश-वाटपातून सूट मिळाली. सूट कायद्याची आहे, ऋणाची नव्हे, असे मला वाटते. केरळातील काणी जमातीकडून कळलेल्या आरोग्यपच्चापासून ‘जीवनी’ हे औषध सिद्ध झाले, तेव्हा परवाना शुल्काचा व स्वामित्वधनाचा अर्धा वाटा जमातीच्या न्यासाला देण्याचे ठरले होते. आपल्या लहान फार्मसीत एवढे शक्य नसेल; पण साल ओळखून देणाऱ्या म्हातारीला तोडणाऱ्याच्या मजुरीहून वेगळे मानधन देता येते, आणि त्या वेळी तिची नात शेजारी उभी राहील, एवढे पाहता येते.