वीज तोडण्याचा क्रम

विजेच्या वाहिनीवर दोष उत्पन्न झाला असतां प्रवाह तोडणें अवश्य आहे, हें सर्वांस ठाऊक आहे. परंतु तो कोणत्या ठिकाणीं व किती वेळानें तोडावा याचाही एक क्रम ठरलेला असतो, हें आमच्या पुष्कळ शेतकरी बंधूंस विदित नाहीं. हा क्रम बिघडल्यास एका विहिरीवरील दोषानें शेजारच्या दहा विहिरींचें पाणी बंद पडतें. यास्तव या विषयाचा आम्ही येथें थोडा विचार करणार आहों.

कालव्याचा दृष्टांत घेतला म्हणजे विषय सुगम होईल. पोटचारी फुटली असतां तिचेंच दार बंद करावें. मुख्य कालव्याचें दार पाडल्यास ज्यांचा कांहीं संबंध नाहीं त्यांचीं पिकें वाळतात. मात्र पोटचारीचें दार अडकून बसलें, तर वरचें दार पाडण्यास कोणी तरी सिद्ध असलाच पाहिजे. विजेचेंही असेंच आहे. पंपाची पेटी, रोहित्रावरील फ्यूज आणि 33/11 किलोव्होल्टच्या उपकेंद्रांतील ब्रेकर अशा या पायऱ्या होत. दोषाच्या निकटची पायरी प्रथम तुटावी, आणि ती न तुटल्यासच वरचीनें काम करावें, हा नियम.

ब्रेकरास तुटण्याचा हुकूम देणारें जें यंत्र, त्यास रिले म्हणतात. प्रवाह जितका अधिक, तितका हा हुकूम लवकर सुटतो. प्रचलित प्रमाणाप्रमाणें नेमलेल्या मर्यादेच्या दुप्पट प्रवाहास सुमारें 10 सेकंद, तर दसपटीस सुमारें 3 सेकंद लागतात. हा काळ एका गुणकानें कमी करितां येतो. खालच्या रिलेचा गुणक 0.1 ठेविल्यास दसपटीवर 0.3 सेकंद होतात. त्याच मर्यादेच्या वरच्या रिलेचा 0.2 ठेविल्यास 0.6 सेकंद. हें मधलें अंतर कशासाठीं? खालच्या ब्रेकरास प्रत्यक्ष तुटण्यास वेळ लागतो, रिलेच्या मापांत थोडी चूक संभवते, आणि वर कांहीं शिल्लकही हवी. म्हणून साधारणतः 0.3 ते 0.4 सेकंद राखितात. याहून कमी राखिल्यास दोन्ही पायऱ्या एकदम तुटण्याचें भय. फार अधिक राखिल्यास उगमाजवळचा दोष, जेथें प्रवाह सर्वांत मोठा, तोच सर्वांत उशिरां तुटतो.

पाठीराख्यानें केव्हां स्वस्थ बसावें, हेंही तितकेंच महत्त्वाचें आहे. सन 2012 च्या जुलैच्या 30 तारखेस रात्रीं अडीचच्या सुमारास बीना–ग्वाल्हेर या 400 किलोव्होल्टच्या वाहिनीवर दोष नव्हता. केवळ भार फार वाढून दाब उतरला होता. परंतु दूरच्या दोषावर लक्ष ठेवणाऱ्या तिसऱ्या पायरीच्या रिलेनें त्या भारासच दोष समजून वाहिनी तोडली. तिचा भार इतरांवर पडून त्याही बंद झाल्या आणि उत्तर भारताचें जाळें कोसळलें.

आतां आपल्या बांधाकडे वळूं. फ्यूज वारंवार जातो म्हणून त्यांत जाड तार घालण्याची चाल आहे. ती घातक आहे. 100 केव्हीएच्या रोहित्राचा 433 व्होल्टच्या बाजूचा पूर्ण प्रवाह सुमारें 133 अँपिअर. दोष होऊन तेथें 1,000 अँपिअर वाहूं लागले, तरी 11,000 व्होल्टच्या बाजूस ते सुमारें 39 च होतात. उपकेंद्रांतील रिलेस हा नेहमींचा भारच भासतो. म्हणजे जाड तारेनें खालची पायरी बांधून ठेविली, आणि वरचीस दोष दिसत नाहीं. मधल्या मध्यें रोहित्र जळतें, व गहूं पाण्यावांचून उभा राहतो.

तसेंच, कोरड्या जमिनीवर तुटून पडलेल्या तारेंतून प्रवाह इतका अल्प वाहतो कीं रिलेस तो कळत नाहीं. म्हणून पडलेली तार जिवंतच समजावी, तिच्याजवळ माणसें व जनावरें जाऊं देऊं नयेत, आणि उपकेंद्रास त्वरित कळवावें.

तात्पर्य, योग्य मापाचीच फ्यूजतार असावी, ती वीज खात्याच्या माणसाकडूनच बसवावी, आणि फ्यूज पुनःपुन्हां गेल्यास तार न बदलतां दोष शोधावा. फ्यूज गेला म्हणजे त्यानें आपलें काम केलें, असें समजावें.