घर काळे आहे

एक स्त्री आरशासमोर बसलेली आहे. तिने डोक्यावरून वस्त्र घेतले आहे. रोगाने तिचा चेहरा विद्रूप झाला आहे. तरीही ती आरशात स्थिर दृष्टीने पाहत आहे. आरशात दिसते, तेवढीच का तिची ओळख? ‘घर काळे आहे’ या इराणी अनुबोधपटाच्या प्रारंभीच हे दृश्य येते.

फरूघ फरोखजाद या प्रसिद्ध फारसी कवयित्रीने हा अनुबोधपट दिग्दर्शित केला. १९६२ साली तबरीझ शहराजवळील बाबाबागी येथील कुष्ठवसाहतीत जाऊन त्यांनी १२ दिवसांत त्याचे चित्रीकरण केले. या छोट्याशा पटात त्या स्वतःच्या आवाजात काव्य म्हणतात. तर एक पुरुषस्वर सांगतो, की कुष्ठरोग असाध्य नाही, उपचारांनी तो बरा होतो.

वसाहतीतील माणसे चारचौघांप्रमाणेच जगतात. स्त्रिया केस विंचरतात, डोळ्यांत काजळ घालतात. मुले चेंडू खेळतात. शाळेत शिक्षक एका मुलाला सुंदर वस्तूंची नावे विचारतात. तो चंद्र, सूर्य, फुले आणि खेळ यांची नावे घेतो. कुरूप वस्तू कोणत्या, असे दुसऱ्यास विचारताच तो म्हणतो, हात, पाय आणि डोके! वर्गात हशा पिकतो. ज्या अवयवांकडे पाहून जगाने त्यांना दूर लोटले, त्यांनाच ती मुले हसत असतात.

पुढे एका विद्यार्थ्यास ‘घर’ हा शब्द वाक्यात योजण्यास सांगतात. तो बराच वेळ विचार करतो. मध्येच वसाहतीचे फाटक बंद होताना दिसते. मग तो फळ्यावर लिहितो, ‘घर काळे आहे.’ ते काळे केले, ते केवळ रोगाने नव्हे. त्या बंद फाटकानेही.

फरूघ यांनी वसाहतीतील एका रुग्ण दांपत्याच्या मुलाला सोबत आणून पुत्रवत सांभाळले. १९६७ साली मोटार-अपघातात त्यांचे निधन झाले. आज अनेक औषधांच्या एकत्रित उपचाराने कुष्ठरोग पूर्ण बरा होतो. औषध रोगजंतूंचा नाश करते. माणसाला माणूस म्हणून ओळखणे, हे मात्र आपलेच काम आहे.

स्वाध्याय

१. कुरूप वस्तूंची नावे ऐकून मुले का हसली असावीत?
२. ‘घर’ हा शब्द योजून तुम्ही कोणते वाक्य लिहाल? तेच का, ते सांगा.