तीस फेब्रुवारी आणि वार नसलेला दिवस

जे. आर. आर. टॉल्किन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या शेवटी परिशिष्टांत घटनांची तारीखवार यादी आहे. तिच्यात एक नोंद चक्क ३० फेब्रुवारीची आहे. पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला ती छपाईची चूक वाटली आणि मी पेन्सिलने तिच्याभोवती गोल केला. पुढचं परिशिष्ट वाचल्यावर कळलं की चूक माझीच होती. काल्पनिक जगासाठी लेखक कालगणना कशी रचतो, हे या एका तारखेवरून समजून घेऊ.

आधी हिशेब पाहू. हॉबिट लोकांच्या शायर या प्रदेशात वर्षाचे बारा महिने, आणि प्रत्येक महिना तीस दिवसांचा. म्हणजे फेब्रुवारीही तीसचा. बारा गुणिले तीस ३६०. उरलेले पाच दिवस कुठल्याच महिन्यात नाहीत. दोन ‘यूल’चे दिवस थंडीत, एक जुन्या वर्षाचा शेवटचा आणि एक नव्या वर्षाचा पहिला. तीन ‘लिथ’चे दिवस जून-जुलैच्या मध्ये. लीप वर्षात तिथेच आणखी एक दिवस वाढतो, त्याला ‘ओव्हरलिथ’ म्हणतात. हे सगळे सणाचे, खाण्यापिण्याचे दिवस.

खरी गंमत वारांची आहे. ३६५ ला सातने भागलं की एक उरतो, म्हणून आपल्याकडे वाढदिवसाचा वार दरवर्षी पुढे सरकतो. हॉबिटांनी यावर सोपा उपाय काढला. वर्षाच्या मधल्या दिवसाला आणि ओव्हरलिथला वारच द्यायचा नाही. मग उरतात ३६४ दिवस, म्हणजे बरोबर ५२ आठवडे. त्यामुळे तारीख आणि वार यांची जोडी कायमची पक्की होते. कादंबरीच्या सुरुवातीला बिल्बोची मेजवानी २२ सप्टेंबरला, गुरुवारी होते. शायरमध्ये २२ सप्टेंबर कधीही काढा, गुरुवारच येणार!

या रचनेत कुठलाच महिना शुक्रवारी सुरू होत नाही. त्यावरून हॉबिटांच्या बोलण्यात एक थट्टा आली. कधीच न घडणारी गोष्ट ‘शुक्रवारी, एक तारखेला’ घडेल असं ते म्हणतात. मला इथे टॉल्किन मोठे वाटतात. गणित करून ते थांबले नाहीत, त्या गणितातून लोकांच्या तोंडी बसेल असा वाक्प्रचारही त्यांनी काढला.

महिन्यांची नावंही हवेतून आलेली नाहीत. बीड नावाच्या इंग्लिश मठवासी संताने इ. स. ७२५ मध्ये कालगणनेवर लॅटिनमध्ये ग्रंथ लिहिला आणि त्यात आपल्या पूर्वजांच्या महिन्यांची जुनी नावं नोंदवून ठेवली. शायरच्या महिन्यांची नावं त्यांच्याशीच नातं सांगतात. मे महिन्याचं ‘थ्रिमिज’ हे नाव गायी दिवसातून तीनदा दूध देण्याच्या काळावरून आलं. ऑगस्टचं ‘वेडमॅथ’ म्हणजे तणाचा महिना. आपल्याकडेही त्या सुमाराला भाताची भांगलण चालू असते. शेत, जनावरं आणि हवामान ठाऊक असल्याशिवाय असं नाव सुचत नाही.

आता एक तारीख नीट पाहा. अंगठीचा नाश होतो २५ मार्चला, आणि पुढे गोंडोरच्या राज्यात नवं वर्ष त्याच दिवशी सुरू करतात. टॉल्किन कॅथलिक होते. २५ मार्च हा मरियेला देवदूताने संदेश दिल्याचा सण, नाताळच्या बरोबर नऊ महिने आधीचा. इंग्लंडमध्ये १७५२ पूर्वी कायद्याने वर्षही याच दिवशी सुरू होत असे. कथेत या सणाचा उल्लेख नाही. ज्याला तारीख ओळखू येते त्याला ती बोलते, इतरांची गोष्ट काही अडत नाही.

हे वाचून मीही हुरूप आल्यासारखी मंडळाच्या कथास्पर्धेसाठी एक पंचांग रचायला बसले. २८ दिवसांचे तेरा महिने आणि वर्षाच्या शेवटी एक बिनवाराचा दिवस. आजीला मोठ्या कौतुकाने समजावून सांगितलं. तिने बोटांवर मोजलं आणि विचारलं, “मग त्या सालात मिस्साला कवा जायचं गं? सहा दिस झाले की आयतवार. तू तर मधी एक फुकटचा घातलास.”

मी हसले, पण नंतर वाचताना कळलं की हाच प्रश्न खऱ्या जगातही आला होता. विसाव्या शतकात ‘वर्ल्ड कॅलेंडर’ नावाची योजना मांडली गेली. तिच्यातही वर्षाच्या शेवटी एक आणि लीप वर्षात जूनअखेर एक, असे बिनवाराचे दिवस होते. भारतानेच ती संयुक्त राष्ट्रांपुढे नेली, आणि आपल्या कॅलेंडर सुधारणा समितीचे अध्यक्ष मेघनाद साहा तिच्या बाजूचे होते. १९५५ मध्ये अमेरिकेने विरोध केला आणि योजना मागे पडली. विरोधाचं मोठं कारण धार्मिक होतं. एक दिवस वाराविना गेला की साताची साखळी तुटते. खरा रविवार पुढच्या वर्षी कागदावरच्या शनिवारी येईल, त्यानंतर शुक्रवारी. शब्बाथ पाळणाऱ्या ज्यूंचीही तीच अडचण. १९६३ मध्ये दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने उपासनेवरील दस्तऐवजाला जोडलेल्या निवेदनात म्हटलं की कायमस्वरूपी कॅलेंडरला चर्चची हरकत नाही, मात्र सात दिवसांचा आठवडा रविवारसह अखंड राहिला पाहिजे.

शायरमध्ये हा वाद का होत नाही? कारण तिथे देऊळ नाही, चर्च नाही, कुणाचा पवित्र वार मोडत नाही. तिथला मोठा वार शुक्रवार, तोही संध्याकाळच्या मेजवानीचा. म्हणजे कालगणना बरोबर की चूक हे नुसत्या गणितावर ठरत नाही, तिथे कोण राहतं त्यावर ठरतं. रमजान, एकादशी, पास्काचा सण, पेरणी, पगाराची तारीख, यातलं काय मोडेल हे लेखकाला आधी ठाऊक हवं.

मराठीत काल्पनिक जग उभं करणाऱ्या मित्रमैत्रिणींसाठी तीन प्रश्न:

१. तुमच्या जगात दिवस कोण मोजतं? शेतकरी, पुजारी की सरकार?
२. उरलेले दिवस कुठे टाकलेत, आणि त्या दिवशी लोक काय करतात?
३. तुमच्या हिशेबात कुणाचा सण हरवतो?

आणि एक गृहपाठ. शायरचं वर्ष शनिवारी, यूलच्या दिवसाने सुरू होतं, म्हणजे १ जानेवारी रविवार. प्रत्येक महिना चार आठवडे आणि दोन दिवसांचा. बारा महिन्यांचे पहिले वार काढा आणि शुक्रवार सापडतो का बघा. लिथचे दिवस मात्र विसरू नका.

माझ्या कथेतला बिनवाराचा दिवस मी काढला नाही. तिच्यात आता एक म्हातारी आहे. राजाचं पंचांग बाजूला ठेवून ती भिंतीवर कोळशाने सात-सात रेघा ओढत बसते. पूर्वी माझी कथा राजाची होती, आता ती तिची आहे.