काजळीतला फुटबॉल

रात्री वीज गेली की आपल्या धाराशिव जिल्ह्यातील काही घरांत अजूनही कंदील निघतो. वात मोठी झाली की काच काळी पडते. ती काजळी म्हणजे मुख्यतः कार्बन. पेन्सिलीत असते ते ग्रॅफाइटही कार्बन आणि सराफाकडचा हिराही कार्बनच! मग एक कागदावर झिजतो आणि दुसरा काच कापतो, असे का? अणू तेच आहेत, त्यांची मांडणी वेगळी आहे. हिऱ्यातील प्रत्येक अणू चार बाजूंनी चार अणूंना घट्ट धरून असतो. ग्रॅफाइटमध्ये षट्कोनांचे सपाट थर असतात. ते एकमेकांवरून सहज घसरतात.

षट्कोनाला तुम्ही उर्दूत मुसद्दस म्हणता. (सहा ओळींच्या कडव्यांची नज्म, तीही मुसद्दसच.) आता फरशी बसवणारा मिस्त्री डोळ्यांसमोर आणा. षट्कोनी फरशीचा प्रत्येक कोन १२० अंशांचा. अशा तीन फरश्या एका बिंदूभोवती बसवल्या की ३६० अंश पूर्ण होतात आणि जमीन सपाट भरते. त्यांतली एक काढून तेवढ्याच बाजूची पंचकोनी फरशी ठेवा. तिचा कोन १०८ अंशांचा. बेरीज झाली ३४८. बारा अंशांची फट राहिली! मिस्त्री ती सिमेंटने बुजवील. तुम्ही मात्र पुठ्ठ्याचे असेच तीन तुकडे कापा आणि कडेला कड चिकटवा. फट मिटेल, पण पुठ्ठा मध्ये फुगून वर येईल. असे १२ पंचकोन आणि २० षट्कोन जोडले की फुटबॉल तयार होतो. त्याचे कोपरे मोजा, ६० भरतील.

१९८५ साली क्रोटो, कर्ल आणि स्मॉली या शास्त्रज्ञांना अमेरिकेत ६० कार्बन अणूंचा नेमका असाच रेणू सापडला. त्याला फुलरिन म्हणतात. १९९६ साली त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले. हा चेंडू एक नॅनोमीटरपेक्षाही लहान असतो. नॅनोमीटर म्हणजे मीटरचा शंभर कोटीवा भाग. तुळजापूरच्या बाजारात कापराच्या वड्या मिळतात ना? मुंबईच्या आय.आय.टी.मध्ये प्रा. महेश्वर शेरॉन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्याच कापरापासून फुलरिन मिळवले आणि १९९४ साली ते संशोधन प्रसिद्ध केले.

पंचकोन न घालता षट्कोनांचा एक थर चटईसारखा गुंडाळला, तर कार्बनची नळी होते. मला ही नळी फुटबॉलपेक्षाही नवलाची वाटते. चटई सरळ गुंडाळली की तिरकी, यावर ती धातूसारखी वीज वाहून नेईल की अर्धवाहक होईल, हे ठरते! प्रयोगशाळेत मात्र सरळ-तिरक्या नळ्या बहुधा एकत्रच तयार होतात. त्यांतून हव्या त्या तेवढ्या वेगळ्या काढताना शास्त्रज्ञांची आजही दमछाक होते.