एका रात्रीचा शो, 24 वर्षांचा हिशोब : मायकल जॅक्सनच्या मुंबई कॉन्सर्टमधून छोट्या उद्योजकाने काय शिकायचं?



आज आपण एका गाजलेल्या कॉन्सर्टकडे धंद्याच्या नजरेने बघणार आहोत. मंडप, साउंड, केटरिंग, छपाई यांपैकी काहीही करत असाल, किंवा जानेवारीत गड्डा यात्रेला होम मैदानावर स्टॉल लावायचा विचार असेल, तर वही-पेन घेऊन बसा.

काय घडलं होतं?

1 नोव्हेंबर 1996. मुंबईचं अंधेरी क्रीडा संकुल. मायकल जॅक्सनचा भारतातला पहिला आणि शेवटचा शो. विमानतळावर सोनाली बेंद्रेने मराठमोळ्या वेशात त्याचं औक्षण केलं, तो फोटो आजही फिरतो.

आयोजनाचं काम विझक्राफ्ट या कंपनीकडे होतं. 1988 साली तीन भागीदारांनी सुरू केलेली कंपनी, म्हणजे तेव्हा वय फक्त आठ वर्षं. शो होता शिव उद्योग सेनेसाठी. मराठी तरुणांना रोजगार मिळावा म्हणून राज ठाकरे यांनी उभी केलेली ही संघटना. तिच्यासाठी निधी गोळा करायचा होता.

रात्र संपली, स्टेज उतरलं. पण मागे दोन गोष्टी उरल्या. आपला धडा त्या दोन गोष्टींचा आहे.

पहिली गोष्ट : पत

जगातला एवढा मोठा कलाकार आणून शो पार पाडला, ही ओळख विझक्राफ्टला कायमची मिळाली. पुढे 2000 साली त्यांनी लंडनमध्ये आयफा पुरस्कार सोहळा सुरू केला. 2010 च्या दिल्ली राष्ट्रकुल स्पर्धेच्या उद्घाटन सोहळ्यातही त्यांचं काम होतं.

आपल्यासाठी अर्थ काय? तुमच्या धंद्यातही एखादं काम असं येतं जे तुमच्या आवाक्यापेक्षा थोडं मोठं असतं. ते नीट झालं की पुढची दहा वर्षं लोक त्याच कामाने तुम्हाला ओळखतात. म्हणून अशा कामाचे फोटो, ग्राहकाचा लेखी अभिप्राय आणि खर्चाचा तपशील त्याच आठवड्यात जपून ठेवा. नंतर कोणी शोधत बसत नाही.

दुसरी गोष्ट : कागद

तेव्हाच्या युती सरकारने या शोला करमणूक कर माफ केला होता. कारण, शो चांगल्या कामासाठी आहे. मुंबई ग्राहक पंचायत याविरुद्ध उच्च न्यायालयात गेली. 2011 मध्ये न्यायालयाने ती माफी रद्द केली आणि सरकारला फेरविचार करायला सांगितलं. शेवटी जानेवारी 2021 मध्ये राज्य मंत्रिमंडळाने पुन्हा करमाफीचा निर्णय घेतला.

रक्कम किती? तीन कोटींहून जास्त. अडकली किती काळ? 24 वर्षं. निकाल लागेपर्यंत जॅक्सनला जाऊन अकरा वर्षं झाली होती, आणि करमणूक करही 2017 मध्ये जीएसटीत विलीन झाला होता!

बघा, इथे माफीचा सरकारी आदेश होता, तरी पैसे अडकले. मग आपण नुसत्या तोंडी शब्दावर किती विसंबायचं?

आता आपल्या आकड्यात बघू

समजा तुमची जीएसटी नोंदणी आहे. एका संस्थेच्या कार्यक्रमाची 2,00,000 रुपयांची मंडप-सजावटीची ऑर्डर आली.

- तुमचा खर्च : 1,60,000
- नफा : 40,000
- 18 टक्के दराने जीएसटी : 36,000

संस्थेचे पदाधिकारी म्हणतात, "आपली संस्था धर्मादाय आहे हो, आम्हाला टॅक्स लागत नाही." तुम्हीही भिडेखातर बिलात टॅक्स लावला नाही. पण संस्था धर्मादाय आहे एवढ्यावरून तुमच्या बिलावरचा जीएसटी आपोआप माफ होत नाही. उद्या तो 36,000 तुमच्या खिशातून गेला, तर हातात उरले 4,000. चार दिवसांचं जागरण, पोरांची मजुरी, टेम्पोच्या खेपा, आणि कमाई चार हजार!

म्हणून ऑर्डर घेताना चार गोष्टी

1. कोटेशनमध्ये टॅक्सची ओळ वेगळी. "जीएसटी वेगळा" असं स्पष्ट लिहा.
2. सवलत सांगितली तर कागद मागा. तो कागद तुमच्या सीएला दाखवा, मगच होकार द्या.
3. परवानग्या कोणाच्या नावावर? जागा, आवाज, वीज, पोलीस: प्रत्येकासमोर जबाबदार माणसाचं नाव लिहा.
4. अडव्हान्स खर्चाच्या प्रमाणात घ्या. वरच्या उदाहरणात काम सुरू होण्याआधी निदान साहित्य आणि मजुरीचे पैसे हातात हवेत. शेवटी 20 टक्के राहिले तरी ते 40,000 होतात, म्हणजे तुमचा अख्खा नफा.

ओळखीच्या माणसाकडे कागद मागायला संकोच वाटतो, मान्य. पण "दादा, सीएने सांगितलंय, फाइलला लागतं" एवढं हसून म्हटलं की समोरचा रागावत नाही. व्यवहार चोख असला की संबंधही टिकतात.

या आठवड्याचा गृहपाठ

तुमच्या मागच्या तीन मोठ्या ऑर्डर काढा. प्रत्येकीसमोर तीन उत्तरं लिहा : पैसे पूर्ण आले का? टॅक्सचं लेखी आहे का? कामाचे फोटो आणि अभिप्राय जपलेत का? जिथे "नाही" येईल, तिथे आजच फोन लावा.

भेटू पुढच्या भागात. तोपर्यंत धंदा जोरात आणि कागद जाग्यावर!